मायानदीतील तारवे : ज्ञानेश्वरीतील एका कल्पित नौकाप्रकाराचा विचार



ज्या गुरुजींच्या स्मृतीला ही व्याख्यानमाला वाहिलेली आहे, त्यांच्या नावाने बोलावयास बहादरपूरला बोलावणे येणे हा मी माझा बहुमान समजतो. विषय निवडताना मनात एक विचार होता. आपण तापीकाठची माणसे. मुलताईस उगम पावून, सुमारे ७२४ किलोमीटर वाहून खंबायतच्या आखाताला मिळणारी ही नदी बऱ्हाणपुराला वळसा घालून महाराष्ट्रात शिरते आणि चांगदेव येथे पूर्णेला भेटते. ज्या चांगदेवांना ज्ञानेश्वरांनी पासष्ट ओव्यांचे पत्र लिहिले, त्यांचे नाव त्या संगमाला चिकटलेले आहे. मुक्ताबाईंचे स्थानही तेथून जवळच आहे. तेव्हा नदीकाठच्या श्रोत्यांपुढे ज्ञानेश्वरांच्याच एका नदीविषयी, आणि त्या नदीत सोडलेल्या नौकांविषयी बोलावे, असे ठरविले. ही नदी कोणत्याही नकाशात नाही. तिच्यातील नौका कोणत्याही सुताराने घडविलेल्या नाहीत.

ज्ञानेश्वर आणि वाहन म्हटले, की आपल्याला चालती भिंत आठवते. वाघावर बसून येणाऱ्या चांगदेवांना सामोरे जाण्यासाठी भावंडे भिंतीवर बसून निघाली, ही कथा लहान मुलांनाही पाठ असते. ती संतचरित्रांतून आलेली आहे आणि तिचा गोडवा मला मान्य आहे. परंतु ज्ञानेश्वरांनी स्वतःच्या शब्दांत जी अद्भुत वाहने निर्माण केली, त्यांच्याकडे मात्र आपण सहसा वळत नाही. म्हणून आज ती पाहू.

१. एका क्रियापदातून उगम पावलेली नदी

गीतेच्या सातव्या अध्यायातील चौदाव्या श्लोकात भगवान सांगतात, की ही माझी त्रिगुणात्मक माया ओलांडावयास कठीण आहे. जे मलाच शरण येतात, ते तिला तरून जातात. मूळ श्लोकात नदी नाही, पाणी नाही, नाव नाही. आहे ते ‘तरन्ति’ एवढे एक क्रियापद. शके १२१२ मध्ये, म्हणजे इ. स. १२९० साली, प्रवरेकाठी नेवाशाला बसून या श्लोकाचे विवरण करताना ज्ञानेश्वरांनी त्या क्रियापदाचा मूळ अर्थ जागा केला. तरावयाचे म्हणजे पाणी हवे. पाणी हवे म्हणजे उगम हवा, काठ हवेत, भोवरे, मासे, गाळ, बेटे सर्व काही हवे. आणि मग सुमारे ३५ ओव्यांत त्यांनी एक आख्खी नदी वाहती केली.

तिचा उगम ब्रह्मरूपी पर्वताच्या कड्यावर आहे. ‘आपण अनेक व्हावे’ हा आदिसंकल्प म्हणजे तेथून फुटलेले पहिले पाणी. गुणांच्या मेघांनी वृष्टी केली, तसा तिला मोहाचा महापूर आला आणि यमनियमांची काठावरची नगरे वाहून गेली. द्वेषाचे आवर्त, मत्सराची वळणे, प्रीतीच्या बेटांवर आदळणाऱ्या कामाच्या लाटा, वर तरंगणारा सुखदुःखांचा केरकचरा, आणि सत्यलोकाच्या बुरुजांपर्यंत चढलेले पाणी. आपल्यापैकी ज्यांनी श्रावण-भाद्रपदात तापी दुथडी भरलेली पाहिली आहे, त्यांना या वर्णनातील प्रत्येक तपशील ओळखीचा वाटेल. गढूळ पाणी, धारेबरोबर येणारी लाकडे आणि काटक्या, फेसाचे पुंजके, खडकांवरचा खळखळाट हे सारे पाहिलेल्या माणसाचे वर्णन आहे. नावे तेवढी अंतःकरणातील विकारांची आहेत.

२. तरण्याची साधने

नदी उभी केल्यावर ज्ञानेश्वर एक विलक्षण गोष्ट सांगतात. येथे तरण्याचा जो जो उपाय करावा, तो तो अपाय होतो. आणि मग ते एकेक साधन आपल्यापुढे ठेवतात. हा भाग नीट समजण्यासाठी जुन्या काळी नदी कशी ओलांडीत, हे ठाऊक असावे लागते.

पूल नव्हते तेव्हा पाण्यात उतरणाऱ्या माणसापुढे काही ठरीव मार्ग असत. अंगात बळ असेल तर स्वतःच्या बाहूंनी पोहून जायचे. नाहीतर पोकळ, वाळलेले भोपळे किंवा हलकी लाकडे जोडून ‘सांगड’ करायची आणि तिच्या आधाराने जायचे. पाण्यावर धरून ठेवणारी ‘पेटी’ पोटाशी बांधून उतरायचे. पट्टीच्या पोहणाऱ्याच्या कंबरेचे वस्त्र, म्हणजे त्याची ‘कास’, धरून त्याच्या मागे जायचे. किंवा मग नाव, तराफा, तारू यांची वाट पाहायची. माझ्या पिढीतील पुष्कळ मुले पाठीला भोपळा नाहीतर रिकामा डबा बांधूनच पोहावयास शिकली. त्यामुळे हे शब्द आम्हाला कोशात पाहावे लागले नाहीत.

ज्ञानेश्वरांची मायानदीतील साधने नेमकी याच यादीतील आहेत.

पहिले साधन स्वतःच्या बुद्धीचे बाहू. त्यांच्या भरवशावर जे उतरले, त्यांचा पत्ताच लागला नाही. आणि काहींना तर जाणिवेच्या डोहात गर्वाने गिळून टाकले. डोह हा शब्द किती अचूक आहे पाहा. नदीच्या इतर भागात पाणी खळाळते, आवाज करते, भय दाखविते. डोहाचे पाणी वरून शांत असते आणि खोली कळत नाही. अज्ञानाला त्यांनी भोवरा म्हटले, पण ज्ञानाच्या अभिमानाला डोह म्हटले. ज्यांनी आयुष्यभर विद्यापीठांतून अध्यापन केले, पदव्या मिळविल्या आणि दिल्या, त्या माझ्यासारख्यांना हा शब्द अधिक जवळून लागतो.

दुसरे साधन वेदत्रयाची सांगड. सांगड उत्तम होती; तरंगावयास समर्थ होती. परंतु ती घेणाऱ्यांनी सोबत अहंभावाचे धोंडेही घेतले आणि ते मदरूपी माशाच्या तोंडी सगळेच्या सगळे गेले. येथे ज्ञानेश्वरांनी वेदांना उणे लेखले, असे कोणी समजू नये. त्यांनी सांगडीला दोष दिलेला नाही. दोष तिला बांधलेल्या धोंड्याला दिला आहे. हा धोंडा लक्षात ठेवावा. पुढे तो पुन्हा भेटणार आहे.

तिसरे साधन तारुण्याचे. काहींनी वयाच्या बळावर कंबर बांधली आणि मदनाची कास धरली. ज्याची कास धरायची तो पोहणारा खात्रीचा असावा लागतो. हा तसा नव्हता. विषयांच्या मगरींनी त्यांना चघळून टाकून दिले. यानंतरच्या ओव्या अंगावर काटा आणणाऱ्या आहेत. म्हातारपणाच्या लाटा, बुद्धिभ्रंशाचे चहूंकडून आवळणारे जाळे, शोकाचा कोसळणारा कडा, डोके वर निघाले रे निघाले की चोच मारणारी आपत्तींची गिधाडे, दुःखाचा चिखल आणि शेवटी मरणाची रेती. पूर ओसरल्यावर वाळवंटात पडलेले प्रेत ज्याने पाहिले आहे, त्यालाच हा क्रम सुचेल.

चौथे साधन यज्ञकर्माची पेटी. ती पोटाशी घट्ट बांधून जे उतरले ते बुडाले नाहीत. ते स्वर्गसुखाच्या कपारीत अडकून पडले. हीही पाण्याची नेमकी समज आहे. आधार बांधलेला माणूस खाली जात नाही. पण त्याचा ताबा धारेकडे असतो, आणि धार त्याला खडकाच्या फटीत नेऊन कोंबते. यज्ञरूपी नौका कच्च्या आहेत, असे मुंडकोपनिषदाने पूर्वीच सांगितले होते. ज्ञानेश्वरांनी तो विचार उचलला, परंतु नौकेच्या जागी पेटी घातली आणि बुडण्याच्या जागी अडकणे घातले. स्वर्ग हा शेवट नसून अडकण्याची जागा आहे, हे तत्त्व त्या एका बदलाने डोळ्यांना दिसू लागले.

त्यानंतर कर्माच्या बाहूंवर विसंबलेले विधिनिषेधांच्या वळशात सापडतात. वैराग्याची नाव तर येथे प्रवेशच करू शकत नाही, विवेकाचा दोर पुरत नाही, आणि योगाने काही तरता आले तरी ते क्वचितच. मुंगीने मेरू ओलांडावा, पाडसाने जाळे कुरतडून टाकावे, माशाने गळ पचवावा, असे घडले तर जीव स्वबळाने मायेचा पैलतीर पाहील, असे सांगून ज्ञानेश्वर ही यादी संपवितात.

३. शास्त्रातील नौका आणि काव्यातील नौका

कल्पित जलयानांची परंपरा आपल्याकडे जुनी आहे. ऋग्वेदात समुद्रात सापडलेल्या भुज्यूला अश्विनीकुमार शंभर वल्ह्यांच्या नौकेतून सोडवून आणतात. मनूची नौका मत्स्याने ओढून नेल्याची कथा शतपथ ब्राह्मणात आहे. आपल्याच आजच्या राज्यातील धारच्या भोजराजाच्या नावावर असलेल्या ‘युक्तिकल्पतरु’ या संस्कृत ग्रंथात तर नौकांचे रीतसर वर्गीकरण आहे. सामान्य आणि विशेष असे दोन मुख्य वर्ग. सामान्य वर्गात क्षुद्रा, मध्यमा, भीमा, चपला, पटला, भया, दीर्घा, पत्रपुटा, गर्भरा आणि मंथरा असे दहा प्रकार. प्रत्येकाची लांबी, रुंदी, उंची सांगितलेली. समुद्रावर जाणाऱ्या नौकेच्या तळाच्या फळ्या लोखंडाने जोडू नयेत, कारण समुद्रातील चुंबकाचे खडक ते लोखंड ओढून घेतील, असाही इशारा त्यात आहे. असाच लोहचुंबकाचा पर्वत अरबी भाषेतील सुरस कथांतही भेटतो. राधाकुमुद मुखर्जी यांनी १९१२ साली प्रसिद्ध झालेल्या भारतीय नौकानयनाच्या इतिहासात या वर्गीकरणाचा उपयोग केल्यापासून ते अभ्यासकांच्या परिचयाचे झाले.

हा ग्रंथ मोठ्या आदराने वाचावा असा आहे. तरीही त्यातील दहा नावे ऐकून आपल्या डोळ्यांपुढे दहा वेगळ्या नौका उभ्या राहत नाहीत. मोजमाप आहे, पण त्या नावेत बसलेला माणूस नाही. उलट ज्ञानेश्वरांनी एकाही साधनाची लांबी-रुंदी सांगितलेली नाही. आणि तरीही ती सांगड, ती पेटी, ती कास आपल्याला दिसते. याचे कारण असे, की प्रत्येक साधनाबरोबर ते वापरणारा माणूस आणि त्याची गत सांगितलेली आहे. कल्पित वस्तू खरी वाटावी म्हणून तिची मापे द्यावी लागत नाहीत. ती वापरताना काय होते, हे खऱ्या वस्तूच्या नियमाने सांगावे लागते. धोंडा बांधला की सांगड बुडते, हा नियम मायानदीतही मोडलेला नाही.

४. ऐलतीरीच आटलेले पाणी

आता या प्रकरणाच्या गाभ्याकडे येऊ. सर्व साधने व्यर्थ ठरल्यावर ज्ञानेश्वर सांगतात, की सर्वभावाने जे मला भजले तेच सहज तरले. आणि त्यांच्यासाठी मायेचे पाणी ऐलतीरावरच संपले. पैलतीरी पोहोचल्यावर नव्हे, अलीकडच्या काठावरच!

पाण्यात पाऊल टाकण्यापूर्वीच नदी आटली असेल, तर पुढे नावेचे काय काम? परंतु लगेच पुढच्या ओव्यांत ज्ञानेश्वर एक पूर्ण तरणोपाय रचतात. सद्गुरू हा पुढे असलेला तारू. या शब्दाचा अर्थ कोणी नावाडी करतात, कोणी नौका. अनुभवाची कास घट्ट धरलेली. आत्मनिवेदनाचे तरांडे हाती आलेले. अहंभावाचे ओझे टाकून दिलेले. विकल्पाच्या वाऱ्याच्या झुळका चुकविलेल्या. ऐक्याचा उतार सापडलेला आणि तेथे बोधाचे साधन जोडले गेलेले. मग वैराग्याचे हात मारीत, ‘तो मी’ या भावाच्या बळावर तोल सांभाळीत, हे लोक निवृत्तीच्या काठाला लागतात.

या दोन विधानांत मला विरोध वाटत नाही. या शेवटच्या नौकेची सामग्री तपासली, तर उलगडा होतो. कास पूर्वीही होती, येथेही आहे. बाहू पूर्वीही होते, येथेही आहेत. पूर्वी वैराग्याच्या नावेला प्रवेश नव्हता, तेच वैराग्य येथे हातांचे बळ झाले आहे. साधने बहुतांशी तीच आहेत! बदलली आहे ती एक गोष्ट. वेदांच्या सांगडीला बांधलेला जो अहंभावाचा धोंडा आपण लक्षात ठेवला होता, तो येथे ओझे म्हणून काठावर टाकून दिलेला आहे. आणि नौकेचे नावच आत्मनिवेदन आहे. आत्मनिवेदन म्हणजे स्वतःला देऊन टाकणे. आधीच्या प्रत्येक साधनावर ‘हे माझे’ असा शिक्का होता: माझी बुद्धी, माझे वेद, माझे तारुण्य, माझा यज्ञ. हे एकच तरांडे असे आहे, की ते घडविण्यासाठी मालकी सोडावी लागते. आणि मालकी सुटली की ती नदीही उरत नाही, कारण नदीचे पाणी त्याच ‘मी’पणाचे होते. म्हणून नाव मिळणे आणि पाणी आटणे या दोन घटना नाहीत. एकाच घटनेची ती दोन वर्णने आहेत.

येथे बुद्धांच्या तराफ्याची आठवण होते. मज्झिम निकायात भगवान बुद्ध म्हणतात, की पैलतीरी गेल्यावर कोणी शहाणा माणूस तराफा डोक्यावर घेऊन हिंडत नाही; धर्मही तसाच तरण्यासाठी आहे, बाळगण्यासाठी नाही. हा दृष्टान्त अजोड आहे. ज्ञानेश्वरांचे वेगळेपण एवढेच, की त्यांच्या नदीत टाकण्याची गोष्ट अलीकडच्या काठावर टाकावी लागते. पंढरीचा विठ्ठल कटीवर हात ठेवून उभा आहे, तो भक्तांना भवसागराची खोली कंबरेएवढीच असल्याचे दाखवीत आहे, अशी कल्पना शंकराचार्यांच्या नावावर असलेल्या पांडुरंगाष्टकात आहे. ज्ञानेश्वरांनी ते कंबरभर पाणीही ठेवलेले नाही.

५. शब्दांचा उतार

या विवेचनाचा आपल्याशी, म्हणजे मध्यप्रदेशातील मराठी घरांशी काय संबंध, असे कोणी विचारील. संबंध आहे आणि तो मला चिंतेचा वाटतो.

आपण रोज बोलतो, की ‘दोन गोष्टींची सांगड घातली’, ‘सत्याची कास धरावी’. हे वाक्प्रचार पाण्यातून आलेले आहेत, हे बोलताना ध्यानात नसते. ‘तॄ’ या एका धातूपासून आपल्याला तारू, तारक, तरांडे, उतार, उतारू, अवतार आणि तीर्थ हे शब्द मिळाले. तीर्थ म्हणजे मुळात नदीला उतार मिळण्याची जागा. पूल झाले, हे चांगलेच झाले. पुरात माणसे वाहून जावीत असे कोणाला वाटेल? परंतु पूल झाल्यावर नदीत उतरणे संपले, आणि नदीत उतरणे संपल्यावर हे शब्द कोरडे पडू लागले. सांगड पाहिलेली नाही, अशा विद्यार्थ्याला ‘वेदांची सांगड’ म्हणजे ‘वेदांचा मेळ’ वाटतो. तसे वाटले, की धोंडा कशाला बांधला हे कळत नाही, आणि ज्याच्यावर सारे प्रकरण उभे आहे तो दुवाच हातातून निसटतो. अर्थ सांगणारे सटीप ग्रंथ पुष्कळ आहेत. पण टीप वाचून अर्थ कळतो, भय वाटत नाही. आणि या ओव्या भय वाटून वाचावयाच्या आहेत.

आपल्या भागात एक अनुकूलता आहे, ती इतरांना नाही. येथील मुलांच्या कानावर हिंदी, निमाडी, मराठी, अहिराणी एकत्र पडतात. एकाच नदीला कोणी तापी म्हणते, कोणी ताप्ती. हिंदीतील ‘पार उतरना’ ज्याला येते, त्याला ज्ञानेश्वरांचा ‘उतार’ समजावून देणे सोपे आहे. शिक्षकांना माझी विनंती आहे, की सातव्या अध्यायातील हे प्रकरण शिकविताना वर्गात कोशाबरोबर एक वाळलेला भोपळाही न्यावा. दोन भोपळे दोरीने बांधून दाखवावे, आणि मग त्यांना दगड बांधून पाण्याच्या घंगाळात सोडावे. अद्वैताचा पहिला पाठ त्याहून स्वच्छ कोणी देऊ शकेल, असे मला वाटत नाही.

ज्यांच्या स्मरणार्थ आपण जमलो, त्यांनी या शाळेत अनेक पिढ्यांना अक्षरओळख दिली. त्या विद्यार्थ्यांपैकी कित्येक आज दूरदूरच्या शहरांत आहेत. विद्या, वय, कर्तृत्व यांची उत्तम साधने त्यांच्यापाशी आहेत. त्यांनी ती टाकावीत, असे ज्ञानेश्वर म्हणत नाहीत. त्या साधनांना काय बांधले आहे, एवढे उतरण्यापूर्वी चाचपून पाहावे, असे ते सांगतात.